कातरवेळ

जूनमध्ये कोपनहेगनला कातरवेळ संपतच नाही.
रात्रीचे अकरा, तरी काळ्या पडद्याच्या कडेनं
उजेडाची एक सुतळी लोंबते,
आणि इंगेलिसे ब्रामर, वय एकोणसत्तर,
पांढरे हातमोजे शोधते,
जे आता लागत नाहीत.

आई एस्बियरच्या धक्क्यावर हेरिंग कापायची.
सुरी कुठं थांबवायची, एवढंच शिकवलं तिनं,
तेही मासळीबद्दल.

ओस्लोचा तो हालवोर
सहा मिनिटांच्या बर्फासाठी रडला होता.
हिनं चार मिनिटं कापली.
बक्षीस घेताना तो बर्फाबद्दलच बोलला.
ही मागच्या रांगेत, कोट मांडीवर घेऊन:
भाषण लांबलंय, शेवटची दोन वाक्यं नकोत.

एक मात्र कुणाला सांगितलं नाही.
फेरो बेटावरच्या विधवेच्या प्रसंगात
'कट' ऐकू आल्यावरच्या नऊ फ्रेम्स
तिनं ठेवून दिल्या.
विधवेचा चेहरा संपलाय,
नटीचा अजून परतायचाय.
लोक तिथंच रडतात.

कॉफीच्या डब्यात चाळीस वर्षांचं कातरण.
झाकण उघडलं की व्हिनेगरचा भपकारा,
आत कुणाच्या पापण्या, अर्धी दारं,
एक कुत्रा, जो कुठल्याच सिनेमात पोचला नाही.

शेजारी नवा मुलगा, आस्गर.
माऊसवर बोट. "इथं कापू?"
ती बोलत नाही.
खाली रस्त्यावरून सायकल येते,
साखळी किरकिरत,
कोपऱ्यावर वळते,
जाते.

"आता."