आवक क्रमांक चारशे सतरा

नोटिशीवर तारीख नऊ.
पाकीट माझ्या ट्रेमध्ये आलं अकराला,
तिकिटं संपलेली, मग शनिवार, मग रविवार.
घणसोली गावातल्या मढवी प्रसूतिगृहात
ते पोचलं पंधराला दुपारी,
आणि आत लिहिलं होतं :
या नोटिशीच्या दिनांकापासून सात दिवसांत
खुलासा सादर करावा, अन्यथा
आपले काहीएक म्हणणे नाही असे गृहीत धरून

हे 'गृहीत धरून' मी तेवीस वर्षं चिकटवतोय
बेलापूरच्या ऑफिसात, तळमजल्यावर.
जिभेला डिंकाची चव लागते,
अर्थाची नाही.

डॉक्टर मढवींची चूक नव्हती असं मी म्हणत नाही.
माझी थोरली तिथंच झाली,
अकरा खाटांपैकी सातवीवर.
मागच्या जिन्यात तेव्हाही गाद्या रचलेल्या असायच्या;
आग लागली असती तर
त्या जिन्यानं मांजरसुद्धा उतरलं नसतं.
पिवळ्या पिशवीतलं लाल पिशवीत जायचं.
पथकानं लिहिलं ते खरंच लिहिलं.

पण खरं आहे म्हणून
विचारायचंच नाही?
घरात पोरानं बरणी फोडली,
काचा त्याच्याच पायाशी,
लोणच्याचा हात त्याचाच,
तरी आपण म्हणतोच ना, काय झालं रे?
हात उगारायच्या आधी
एकदा तरी.

सोळाला संध्याकाळी पाच चाळीसला
त्यांची आया आली, रतनबाई,
औषधांच्या पिशवीत कागद घेऊन.
खुलासा चार पानी.
मोकळ्या जिन्याचे फोटो, जरा हललेले.
अग्निशमनच्या अर्जाची पोच.
आणि शेवटी शाईनं, हातानं घातलेली एक ओळ :
समक्ष म्हणणे मांडण्याची संधी मिळावी.
मी शिक्का मारला. चारशे सतरा.
शेजारी वेळ लिहिली.
वेळ लिहायची आमच्यात पद्धत नाही.
का लिहिली, कोण जाणे.

वर तिसऱ्या मजल्यावर
साडेतीनलाच सही झाली होती :
मुदतीत खुलासा प्राप्त झाला नाही, सबब नोंदणी निलंबित.
मुदत अजून श्वास घेत होती तेव्हा.
आणि टायपिंगवाली केतकी म्हणाली,
डबा उघडता उघडता, सहज,
की तो मसुदा तिच्याकडे आठ तारखेपासून पडून होता.
आठ.
म्हणजे निकाल आधी,
प्रश्न दुसऱ्या दिवशी.

सतराला गेटला सील.
तीन बाळंतिणी वाशीला हलवल्या.
दुपारी रबाळ्याच्या पॅकिंग कंपनीतली एक आली,
दिवस भरत आलेली, फाइल छातीशी धरून.
कागद वाचता येईना म्हणून
लाखेवर बोट फिरवत उभी राहिली.
डॉक्टरीणबाईंनी केलं तरी काय?
वॉचमन म्हणाला, ते अजून
त्यांना कुणी विचारलं नाही.

मग मला वर बोलावणं. नोंदवही घेऊन या.
साहेब वाईट नाहीत. आवाजही चढवला नाही.
चारशे सतरा जरा सतरा तारखेला घेता येईल का?
'जरा' म्हणाले.
टेबलावर पांढरी शाई होती, झाकण काढलेली.
मी म्हटलं, साहेब, खाली चारशे अठरा आहे.
तीही सोळाचीच.
ऐरोलीच्या एका गृहस्थाची, भटक्या कुत्र्यांबद्दल.
पोच आहे त्याच्याकडे.
साहेबांनी वहीकडे पाहिलं,
खिडकीकडे पाहिलं,
झाकण लावलं.

अपील चालू आहे. तारीख पडते.
परवा घणसोलीला जाऊन आलो :
जिना अगदी मोकळा,
खालपासून वरपर्यंत दिसतो,
उतरायला कुणी नाही.

आणि मलाही आलीय एक.
नोंदवहीत विनापरवानगी वेळ लिहिल्याबद्दल
कारणे दाखवा. सात दिवस.
पाकीट अर्थात माझ्याच ट्रेमध्ये आलं.
या खेपेला उशीर केला नाही.
जावक टाकली,
माझ्याच हातात दिलं,
सही घेतली,
सहीखाली वेळ लिहिली.