शेपटीविना वाघ

सोल. योंगसान बाजार, तिसरा मजला.
अख्ख्या खोलीत एक हीटर, तोही ग्वाकसाहेबांच्या पायाशी.
माझं काम अक्षरांचं.
जपानहून आलेल्या कुस्तीच्या खेळातली
जपानी लिपी एकूण एक खरवडून काढायची
(सरकारला एक रेघ दिसली तर माल गोदामातच कुजेल)
आणि तिच्या जागी आपली हंगुल बसवायची,
सोळा ठिपके रुंद, सोळा ठिपके उंच घरात.

हंगुलचं एकेक अक्षर म्हणजे एका खोलीतलं बिऱ्हाड.
बाप डावीकडे, आई शेजारी, पायथ्याशी पोर.
कुणाचा तरी पाय उंबऱ्याबाहेर राहतोच.
मी रात्ररात्र पाय आत घेत बसले.

पैलवान बारा. अकरा जणांना नावं होती.
बारावा नुसता हरायला ठेवलेला,
तपकिरी चड्डी, जरा सुटलेलं पोट,
नावाच्या जागी मूळ खेळातही आडवी रेघ.
ग्वाकसाहेब म्हणाले, टाक काहीही,
मेमरीत दोन घरं उरलीत.

माझ्या बापाचं रिंगणातलं नाव तीन अक्षरी.
हो-रांग-ई. म्हणजे वाघ.
जांगचुंगच्या स्टेडियममध्ये तो
शनिवारी संध्याकाळी हरायचा,
नेमाने, पगार घेऊन,
मुखवटा घातलेल्या पाहुण्यांकडून.
गल्लीत एकच टीव्ही, त्याच्यापुढे सगळी गल्ली.
आई नेमकी तेव्हाच भांडी घासायला काढायची.

दोन घरं.
हो लिहिलं. रांग लिहिलं.
ई राहिली.

खेळ वसंतात बाजारात आला.
खोक्यावर निळ्या चड्डीतला कुणी भलताच पैलवान,
जो आत नाहीच.
मी एक कार्ट्रिज घरी आणलं.
बाबा तेव्हा भुयारी स्टेशनच्या तोंडाशी
लोकांच्या टाचा बसवत. बोटांना खळीचा वास.

शेजारचा दोंग-गू म्हणाला,
याला कोणी घेत नाही आजोबा, हा नुसता पडतो.
बाबांनी चष्मा कपाळावर सरकवला
आणि पडद्याला नाक लावून वाचलं,
हो. रांग.
"शेपूट कुठे गेलं?"
जागा नव्हती, मी म्हटलं.
"हं. पगाराचंही असंच व्हायचं."

मग मांडी घालून बसले, शड्डू ठोकल्यासारखी
एकदा मांडीवर थाप मारली,
आणि तिसऱ्याच मिनिटाला चीतपट.
दोन्ही खांदे टेकलेले. पंच मोजतोय, एक.
दाबा आजोबा, लाल बटण, लाल!
बाबा दाबत नव्हते.
"घाई करू नये," म्हणाले,
"अडीचला उठायचं असतं.
लोक त्या अडीचचेच पैसे देतात."

दोन.
अंगठा हलला. सांध्यातून कट्ट आवाज आला.
तीन.

खेळात अडीच नव्हतंच.
मी अक्षरं बघितली होती, आकडे कुणी बघितले?

दोंग-गू हसून लोळला.
बाबा म्हणाले, पुन्हा लाव.
आणि आत, जेवणं व्हायची होती तरी,
आईनं भांडी घासायला काढली.