खातं: किरकोळ

उमरीकर बाई पहिल्यांदा दुकानात आल्या,
मला वाटलं हळद मोजायची असेल.
त्यांनी वह्या मागितल्या.
किनवटात आता वह्या कोण ठेवतं, मी म्हणालो,
सगळं या काट्याच्या पोटात असतं.
त्या हसल्या नाहीत.
तुमच्या पणजोबांच्या, म्हणाल्या. डिंकाच्या.

माळ्यावर होत्या, लाल फडक्यात,
कडा उंदरांनी आधीच वाचलेल्या.
एकाच पानावर मोडी, तेलुगू
आणि शिक्क्याभोवती उर्दू.
बाई अकराच्या बसनं यायच्या,
सरकीच्या पोत्यावर बसून
गिऱ्हाइकांच्या पायांमधून वाचायच्या.

फसली तेराशे सव्वीस.
डिंक दोन मण. चारोळी. लाख.
बिबट्याचं कातडं एक, नखं नाहीत.
बदल्यात मीठ, मीठ, हिरवे मणी, मीठ.
आणि पानाच्या तळाशी, बारीक अक्षरात,
किरकोळ: लुगडं एक, आखूड.
किरकोळ: मीठ, घरी.
किरकोळ: सुईण, हाली रुपया सव्वा.

एकोणीस वर्षं चाललेलं हे किरकोळ.
बाईंनी पेन्सिल कानामागे खोचली.
हे किरकोळ कोण हो?

आमच्या घरात सांगतात
पणजोबा गुंडेवार दोन बैल घेऊन
गोदावरीपलीकडून आले,
पणजी मागाहून आली, त्यांच्यातलीच.
मी तेच सांगितलं.
मग आठवलं, वडील शेवटच्या तापात
ईर, ईर करत होते.
आम्ही समजलो भ्रम.
कोणी देवाचं नाव म्हणालं, कोणी जुन्या नोकराचं.
पाणी मागत होते ते, कोलामीत.
आम्ही अंगारा लावला.

मांडवीच्या वरच्या पोडावर बाई मला घेऊन गेल्या.
लेतू तोडसाम चुलीसमोरून उठला नाही.
वही नाही, काही नाही, बोटांच्या पेरांवर
सात पिढ्या मोजल्या त्यानं,
चौथ्या पेरावर थांबला.
मुत्ती. खाली गेली ती. काट्यावाल्याकडे.
दर साली पोळ्यानंतर मीठ घेऊन यायची.
मग माझ्याकडे बघून म्हणाला,
तुझ्या पणज्याला धावडा कोणता, सालई कोणती,
कुठं खाच मारायची, किती दिवसांनी जायचं,
हे काय बैलांनी सांगितलं होतं?

येताना जीपमध्ये बाई गप्प.
मीही.

भाऊ म्हणाला, पुस्तकात नाव नको,
पोरीचं जमतंय आदिलाबादला.
त्याच आठवड्यात पोडावरचा एक पोरगा आला,
शर्टाला इस्त्री, हातात प्लास्टिकची फाईल:
बाई, यात आमचा पन्नासच्या आधीचा
पुरावा निघतो का?
एकाला ती बाई वहीतून काढायची होती,
एकाला त्याच वहीत घुसायचं होतं.
बाईंनी दोघांनाही चहा पाजला, माझ्या खात्यावर,
आणि दोघांनाही सांगितलं
की जे लिहिलंय तेवढंच लिहिणार.

पुस्तक पोस्टानं आलं.
पान दोनशे चौदा, तळटीप तीन:
मुत्ती तोडसाम, डिंक-व्यापारातली
जाणकार व भागीदार; वहीत नोंद ‘किरकोळ’.
आठ-नऊ शब्द.
भावानं उभ्यानंच वाचलं,
चष्मा पुसला, परत वाचलं,
आणि छापलंय बारीक, एवढंच म्हणाला.

मी पुस्तक काट्यावर ठेवलं. सातशे चाळीस ग्रॅम.
सवयच ती.
मग कोठीतून ते दगड काढले,
दोन्हीवर पासरी कोरलेली, दोन्ही तेलकट काळे,
लहानपणी आम्ही त्यांच्यावर बदाम फोडायचो.
एक ठेवला. उतरवला. दुसरा ठेवला.
तीनशे दहा ग्रॅमचा फरक.

रात्री साडेनऊला बाईंना फोन लावला.
थांबा, लिहून घेते, म्हणाल्या.
पलीकडे कागदाचा आवाज.
जड कोणता? माल घ्यायचा, की द्यायचा?
मी म्हणालो, तुम्हांला माहीतच आहे.
आहे, त्या म्हणाल्या.
पण तुम्ही सांगा.