पंधरा यार्ड

माझ्या उजव्या हाताची करंगळी सरळ होत नाही.
डॉक्टर विचारतात, कधी मोडली?
मी सांगते, एकोणीसशे एक्याऐंशी, लोरेन, ओहायो,
पाइपांच्या कारखान्यामागे,
भावाचा चेंडू झेलताना.

आंडोर चौदाचा, मी अकराची.
तो कमरेत वाकायचा, दोन पायांमधून
मला बघायचा, उलटी.
माझ्या वेण्या वर लोंबायच्या, म्हणे,
खाली ढग आणि डोक्यावर खडी.
"हलू नकोस, इलोना. हात छातीपाशी."
आणि चेंडू यायचा गिरमिटासारखा फिरत,
मी आवंढा गिळायच्या आत.

पंधरा यार्ड तो पावलांनी मोजायचा,
बाबांचे बूट घालून,
कारण बाबांचं पाऊल बरोबर एक यार्डाचं.
त्या वर्षी कारखान्याने बाबांना घरी बसवलं होतं.
बूट रिकामेच होते.

मग कॉलेज. मग एक फोन. मग नऊ सीझन, चार शहरं.
काम तेवढंच: वाकायचं,
चेंडू मागे फेकायचा, लाथ मारणाऱ्याच्या हातात,
आणि त्याच क्षणी समोरचे तीनशे पौंड
मानेवर घ्यायचे.
कॅमेरा चेंडूबरोबर उडून जायचा.
आई मात्र चेंडू कधीच बघायची नाही.
ढिगाऱ्यातून चोपन्न नंबर उठेपर्यंत
खसखशीच्या सारणातला तिचा चमचा थांबलेला असायचा,
आणि सारण बहुतेक वेळा लागायचं.

करार एकेका वर्षाचा.
ऑगस्टअखेर नावं गळायची,
म्हणून सप्टेंबर उजाडेपर्यंत तो बॅग उघडायचा नाही,
फक्त दात घासायचा ब्रश तेवढा बाहेर.

मान खाली घातली की लोकांना वाटतं, माणूस शरमला.
माझ्या भावाने नऊ वर्षं
मान खाली घालूनच पोट भरलं.
एक हजार एकशे बारा वेळा
चेंडू जिथे जायचा तिथेच गेला.
एक हजार एकशे बारा वेळा
कुणी त्याचं नाव घेतलं नाही.
(आकडा माझा आहे. मी वहीत रेघा मारायची.)

पुढची रेघ डिसेंबरातली.
सरोवरावरून बर्फाचा पाऊस आडवा येत होता.
चेंडू साबणासारखा सुटला, उंच,
साऱ्यांच्या डोक्यांवरून मागे,
आणि कुणीतरी परकं पोर त्यावर जाऊन पडलं.
सात सेकंद.
सात सेकंदांत नावारूपाला आला माझा भाऊ.
चर्चच्या पायऱ्यांवर लोक आईशी हवामानाचं बोलले.
आमची टपालपेटी कुणीतरी फोडली.
आणि तो मैदानात उभा, ताठ,
आणि मान खाली.
उभं राहून घातलेली ती पहिलीच.

मंगळवारी एक पोरगा दाराशी आला:
कोच बोलावतायत, येताना पुस्तक आणा.
डावांचं पुस्तक परत मागितलं की
त्या धंद्यात पुढचं काही सांगावं लागत नाही.

बावीस वर्षं शाळेची बस चालवली त्याने.
मानेत दोन स्क्रू आहेत,
मागे बघायला अख्खा वळतो.
बसच्या आरशात उलटं जग वाचायला
त्याला शिकवावं लागलं नाही, हा त्याचा विनोद,
जेवताना दोनदा सांगतो, तिसऱ्यांदाही.
मी तिन्ही वेळा हसते.

गेल्या रविवारी कारखान्यामागे गेलो.
कुंपण गेलंय, गवत आहे, खडी तीच.
तो बुटाची नाडी बांधायला वाकला
आणि वाकलेलाच राहिला.
उठवायला जाणार, तर पायांमधून
तो माझ्याकडे बघत होता.
मी थांबले.
हात आपसूक छातीपाशी आले,
करंगळी बाहेर, वाकडी.

त्याच्या हातात काहीच नव्हतं.

"वारा डावीकडे ओढतोय," तो म्हणाला.
मी अर्धं पाऊल सरकले.