थिनर, अर्धी बाटली

दर सोमवारी सकाळी साडेसहाला
मी एक शब्द पुसते.
तळघरात, मुलांच्या कपाटांच्या रांगेत,
एकशे सतरा नंबरच्या दारावर.
बाहेर नारेव नदी गोठलेली,
पोरांच्या बुटांनी आणलेलं रस्त्यावरचं मीठ
फरशीवर पांढरं फुललेलं.
ते साध्या फडक्याने जातं.
शब्दाला थिनर लागतो.

आमच्या पोलिश भाषेत तो शब्द
सायकलच्या पायडललाही म्हणतात.
माझा झेनॉन सायकली दुरुस्त करायचा.
तीस वर्षं त्याच्या तोंडी हा शब्द होता,
ग्रीस लागलेला, बिनविषारी.
'पायडल दे गं इकडे,' म्हणायचा,
आणि मी द्यायची.
तेव्हा कुठे ठाऊक होतं, की तेवढ्याच अक्षरांत
एक अख्खं पोरगं कोंबता येतं,
दप्तरासकट.

तिमोन. वय सोळा.
जिना उतरताना भिंतीला खांदा घासत चालतो.
तो वर्गात शिरला की कुणीतरी
तोंडानेच सायकलची घंटी वाजवतं.
ट्रिंग ट्रिंग.
सर तेवढ्यात फळ्याकडे वळलेले असतात.
'घंटी वाजवणं हा काय गुन्हा आहे?'
असं हेडबाई त्याच्या आईला म्हणाल्या म्हणे.
एकदा तर खरंखुरं पायडलच
सुतळीने त्याच्या कुलपाला टांगलेलं.
मी ते सोडवलं.
चांगलं होतं. घरी नेलं.

मी काही साधू नाही.
एकदा त्याला म्हटलंही,
'बाळा, ते कानातलं काढ ना,
कशाला त्यांच्या डोळ्यावर येतोस?'
काढलं त्याने.
पुढच्या सोमवारी शब्द होताच.
जरा मोठा.

मग फेब्रुवारीत एकदा तो साडेसहालाच आला.
हातमोजे न काढता पायरीवर उभा.
'बोझेनाबाई, पुसू नका ना.'
मला वाटलं, गारठ्याने कानांत भलतंच काही शिरलं.
'तुम्ही पुसता.
आठ वाजता मी हेडबाईंना घेऊन येतो.
दार स्वच्छ.
त्या म्हणतात, कुठंय? दाखव.'

फडकं हातात तसंच राहिलं.
दोन वर्षं मला वाटत होतं, मी त्याच्या बाजूने आहे,
गुपचूप, पहाटे, वासाने डोकं ठणकेपर्यंत.
आणि पुसत होते काय,
तर त्याची साक्ष.

कोठीत गेले. सामानाची वही काढली.
काय वापरलं, किती, कुठे.
माझ्याच अक्षरात, वाकड्या:
नऊ सप्टेंबर. थिनर, अर्धी बाटली. कपाट ११७.
सोळा सप्टेंबर. थिनर, अर्धी बाटली. कपाट ११७.
तेवीस सप्टेंबर. थिनर संपला. पॉलिशपेपर. कपाट ११७.
पानं उलटत गेले.
एकसष्ट वेळा.
मी कुणासाठी लिहिलं नव्हतं हे.
बाटल्यांचा हिशेब मागतात, म्हणून.

वही त्याला दिली.
दोन्ही हातांनी घेतली त्याने,
नाकाशी नेली,
म्हणाला, 'वास अजून येतोय.'
त्याला हसताना मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं,
आणि ते काही फार बरं दिसलं नाही.

आज सोमवार.
शब्द आहे. लाल, अजून ओला.
बादली उपडी घालून मी तिच्यावर बसले आहे,
पाठ एकशे सोळाला टेकवून.
हेडबाईंना निरोप धाडलाय: खाली या.
आधी बघा, मग पुसेन.

जिन्यावर बूट वाजतात.
पहिला येतो तो ओल्गिएर्द.
ह्याला सायकल झेनॉनने शिकवली,
आमच्याच अंगणात, मागून सीट धरून,
आणि सोडलीय हे न सांगता.
घंटीसाठी ओठ गोल केलेले आहेत त्याने
आणि मी दिसते त्याला.

दोघंही थांबलोय.
हेडबाई अजून आलेल्या नाहीत.