कापसाचा बोळा

मास्टर केरोबा खळदकरांचा घसा
मी आतून पाहिलाय.
बाकी पुण्यानं तो नुसता ऐकला.

रविवार पेठेत, डॉक्टर पळसुल्यांच्या दवाखान्यात
मी तेव्हा सोळा वर्षांचा कंपाउंडर,
मिक्श्चरच्या बाटल्यांना डोसाच्या कागदी पट्ट्या चिकटवायचो.
दिवेलागणीला टांगा थांबायचा.
मफलर गुंडाळलेले मास्टर उतरत,
बाकावर बसत, आणि एक शब्द न बोलता
आ करत.
चिमट्यात कापूस, कापसाला आयोडीन नि ग्लिसरीन,
पडजिभेच्या मागे एक फेर.
डोळ्यांत पाणी. दोन आणे.

नाटक कंपनीत ते शेवटच्या बाकासाठी बोलायला शिकले,
तिथं खोकतात, शेंगा सोलतात, त्या लोकांसाठी.
मग मूकपट. तीन वर्षं घोड्यावर,
एकदा लकडी पुलावरून खाली मुठेत,
दोन बरगड्या, पंचाहत्तर रुपये.
"बोंबललो होतो रे," म्हणायचे,
"पण त्याची पाटी टाकली नाही कुणी."

मग बोलपट आला.
एरंडवण्यापलीकडे माळावर स्टुडिओ,
शूटिंग रात्री, कारण दिवसा कावळे.
रात्री बेडूक.
बेडकांसाठी एक माणूस पगारावर होता,
डबक्याशी काठी घेऊन बसायचा,
नावं पडद्यावर येत त्यात त्याचं नव्हतं.
तुळशीवृंदावनात माईक लपवलेला.
मास्टरांनी पहिलं वाक्य फेकलं
आणि काचेच्या खोलीतून साउंडवाला कान धरून बाहेर आला:
"मास्टर, तुळस बहिरी नाही."

हळू बोलायला शिकण्यात एक अख्खा उन्हाळा गेला.
सराव माझ्यावर.
"बाळ, दार लाव."
"बाळ, दार लाव."
अजून हळू. इतकं हळू
की मी बाटली ठेवून उठलो आणि खरंच दार लावलं,
आणि ते मांडीवर थाप मारून हसले, घसा दुखेपर्यंत.

पुढची सहा वर्षं त्यांची.
तपकिरीच्या डबीवर त्यांचा फेटा.
पर्वतीच्या पायऱ्यांवर पोरं "असं होय" म्हणायची,
त्यांच्यासारखी, "असं"वर थांबून.
पदं स्वतः गात. झाडामागे पेटी, तबलजी फांदीआड,
कॅमेरा सरकला की वादकही
वाकून, चोरासारखे, सरकत.

मग कुणीतरी सांगितलं, आता गाणारा वेगळा,
तुम्ही ओठ हलवा.
त्यांनी हलवले.
मग सासरे झाले, मग दिवाणजी, मग गर्दीतला एक फेटा.
दवाखान्यात मात्र येत राहिले, टांग्याशिवाय, पायी.
आता कशाला, मास्टर? मी एकदा विचारलं.
पण आ केलेल्या तोंडानं उत्तर देता येत नाही
आणि मी विचारलंही बोळा आत असताना.

पानशेत फुटलं तेव्हा त्यांना जाऊन दोन वर्षं झालेली.
नदीकाठच्या वखारीत डब्यांवरून पाणी गेलं.
एक रीळ राहिलं.
फिल्मा जपायची नोकरी असलेल्या एका पोरानं
कितीतरी वर्षांनी मला शोधून काढलं, पंख्याखाली बसवलं.
म्हणाला, आजोबा, चिखल कडेनं आत शिरतो,
आणि आवाजाची पट्टी कडेलाच असते.
चित्र आहे. तेवढंच.

अंधार. भिंतीएवढे मास्टर.
गात होते.
यंत्राची टरटर, बाकी काही नाही, बेडूकसुद्धा नाही.
पोरगा चुकचुकत होता.
मी पुढे वाकलो:
वरच्या सुराला जबडा उघडला, पूर्ण,
आणि आत, पडजिभेच्या मागे,
काळपट, ओला, चकाकणारा
एक फेर.

त्याला मी काही सांगितलं नाही.
"बाळ, एवढंच पुन्हा लाव," म्हणालो.
ओरडून म्हणावं लागलं.
यंत्र फार आवाज करत होतं.