मधातली चित्रं

सेतू केंद्रातला पोट्टा विचारतो,
"काका, धंदा काय लिहू?"
वृद्ध कलावंत मानधनाचा अर्ज. रकाना बोटभर.
बाहेर अर्जुनीच्या फाटकावर मालगाडी उभी,
डबे मोजून झाले माझे, दोनदा.

पेंटर लिही.
मंडईतल्या नाटकांचे पडदे रंगवले चौदा हिवाळे.
एक महाल, एक रस्ता, एक जंगल,
एवढ्यात सारी दुनिया आटपायची.
एका साली जंगल खालून उंदरांनी कुरतडलं,
तिथं ठिगळ लावून मी हरीण काढलं.
रात्री दोनच्या सुमारास लोक ओरडले, हललं!
वाऱ्यानं पडदा हलला होता.
हरणाच्या मागं जाणाऱ्याचं काय होते
ते त्याच पडद्यापुढं शंभरदा पाहिलं होतं मी.
तरी गेलो.

हैदराबाद. काचेचं टेबल, खालून ट्यूबलाइट.
पहिलं चित्र साहेब काढत, शेवटचं साहेब काढत,
मधातली आमची.
सोफ्याखालचा कुत्रा साहेबांचा,
सोफ्यावरचा साहेबांचा,
चढतो तो माझा.
कोणत्या देशाचा, काय भुंकतो, कधी कळलं नाही,
आवाज तिकडेच भरत.
सेकंदाला बारा कागद.
महिनाभर मान मोडली की चाळीस सेकंद निघत,
त्यावर घर चाले.
बाबा गेल्याचा फोन आला तेव्हा
कुत्रा हवेत होता, चारही पाय.
त्याला उतरवला, मग निघालो.

मग जाहिराती.
निळीच्या थेंबाला पाय काढले, बूट घातले, नाचवला.
बहीण फुलवंता गावभर सांगे, तो थेंब माझ्या भावाचा.
तिच्या घरी टीव्ही नव्हता.

पिक्चरमध्ये राक्षसाची मिशी केली.
फक्त मिशी. अकरा महिने.

मग कॉम्प्युटर आला.
माझ्या पोराच्या वयाच्या मुलीनं मला माउस धरायला शिकवला,
"सर, हलक्या हातानं" म्हणत.
नायक तारेला लटकून उडे, मी तार पुसत असे.
काम चांगलं झालं तर काहीच दिसत नाही
अशी ती मजुरी.
शेवटी नावं वर चढत जात, नऊशेच्या गर्दीत मी,
कापगतेचं कपगेट होऊन.
टीव्हीवर तर त्याआधीच बातम्या लागत.

"काका, एकच काही सांगा नं जी."

एकच कसं सांगू, बाप्पा.
गावी परतल्यावर आरोग्य खात्यासाठी
हात धुण्याची दीड मिनिटाची फिल्म केली.
पैसे अजून यायचे आहेत.
मंगळवारी शाळेत पोरांना चालणं काढायला शिकवतो,
म्हणजे आधी पडायला, मग सावरायला.
सारस मात्र मलाच जमत नाही.
तीन वर्षं झाली, सकाळी धुऱ्यावर जाऊन बसतो.
मान आधी जाते का पाय?
गुडघा मागं मोडतो का मलाच तसं वाटते?
विचार करीपर्यंत तो बोडीच्या पलीकडं.

सर्वर गेलं. पोट्टा खुर्चीत मागं रेलला.
त्याचं पावतीबुक माझ्याकडं ओढून
मी कोपऱ्या-कोपऱ्यात सारस काढत गेलो,
कोऱ्या पावत्या, एकामागून एक, बत्तीस.
त्यानं अंगठ्यानं पानं सोडली, फर्र.
पुन्हा सोडली.
"काका, हा तं चालते!"
चालते. पण लंगडते.
अकराव्या पावतीत पाय उशिरा उचलला मी.
त्याला दिसलं नाही, तो तिसऱ्यांदा चालवत होता.

मालगाडी हलली. सर्वर आलं.
चिचगावची एक बाई उत्पन्नाच्या दाखल्यासाठी पुढं झाली.
त्यानं पावती फाडता फाडता हात थांबवला,
माझ्याकडं पाहिलं.

फाड, म्हटलं.
वरचं एक गेलं तर जाऊ दे.
मधातली आहेत.